थपडेचा आवाज

(एका स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा संपादित पाठ)



ज्या सरांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, ते आम्हाला इतिहास शिकवायचे. सनावळ्या पाठ करून घ्यायचे, चुकलं तर हातावर पट्टीही बसायची. पण तास संपायला पाच मिनिटं उरली की पुस्तक मिटून एखादा भलताच प्रश्न टाकायचे. "पानिपतावर घोड्यांना दाणा कोण घालत होतं रे?" आम्ही गप्प. "त्याचं नाव काय?" आम्ही आणखी गप्प. मग ते हसून म्हणायचे, "मलाही ठाऊक नाही. पण विचारायला काय जातंय?" तेवढ्यात घंटा व्हायची.

आजचा विषय त्या शेवटच्या पाच मिनिटांतला आहे. कार्यकर्त्यांनी फोन करून विषय विचारला, तेव्हा मी म्हणालो, "सर्कशीतला जोकर." पलीकडे क्षणभर काहीच ऐकू येईना. मग विचारणा झाली, "म्हणजे राज कपूरवर का?" राज कपूरवर नाही. हसऱ्या चेहऱ्यामागे रडणारा माणूस, ही गोष्ट आपण पुष्कळदा ऐकली आहे आणि ती ऐकताना आपल्याला बरंही वाटतं. मला आज अश्रूंबद्दल बोलायचं नाही. मला कामाबद्दल बोलायचं आहे. जोकर नेमकं काय काम करतो, त्या कामाचं श्रेय कोणाला जातं, आणि एका माणसाच्या बाबतीत त्याचा शेवट काय झाला, एवढंच.

सांगली जिल्ह्यात उभं राहून सर्कशीवर बोलायचं म्हणजे काकणभर भीतीच वाटते. अंकलखोप इथून जवळ. तिथले विष्णुपंत छत्रे यांनी मुंबईत आलेली किरिनी नावाच्या युरोपीय माणसाची सर्कस पाहिली आणि १८८० साली आपली ‘ग्रेट इंडियन सर्कस’ उभी केली. हिंदी सर्कशीचा इतिहास तिथून सुरू होतो. म्हैसाळच्या देवलांची सर्कस आपल्याच भागातली. विष्णुपंतांना गाण्याचं वेड एवढं, की ग्वाल्हेरच्या हद्दूखाँचे चिरंजीव रहिमतखाँ यांना त्यांनी जवळ ठेवून घेतलं आणि त्यांचा सांभाळ केला. पुण्याच्या दामू धोत्र्यांनी वाघ-सिंहांचे खेळ करत पार अमेरिकेतल्या रिंगलिंग ब्रदर्सपर्यंत मजल मारली. त्यांचं आत्मकथन आपल्यापैकी अनेकांनी शाळेत असताना वाचलं असेल.

आता मला सांगा, विष्णुपंतांच्या सर्कशीत जोकर कोण होता?

बघा. मालक आठवतो, वाघवाला आठवतो, गवईसुद्धा आठवतो. जोकराच्या नावापाशी आपण सगळे आमच्या वर्गातल्यासारखे गप्प होतो.

तीसेक वर्षांपूर्वी मी एका सर्कशीवर लेख लिहायला गेलो होतो. तंबूच्या मागच्या बाजूला, जिथे प्रेक्षक जात नाहीत, तिथे एक म्हातारा जोकर बादली पालथी घालून बसला होता. तोंडावरचा रंग अर्धा पुसलेला. मी त्याला विचारलं, "तो दुसरा तुम्हाला एवढ्या जोरात मारतो, लागत नाही का?" तो उठला. मला समोर उभं केलं आणि म्हणाला, "मारा मला." मला धीर होईना. "अहो, हात नुसता फिरवा, गालाच्या अलीकडून." मी हात फिरवला. खाडकन् आवाज झाला, त्याची मान गर्रकन् वळली, तो दोन पावलं झोकांडत गेला आणि बादलीवर बसला. माझा हात त्याला लागलाच नव्हता. मी माझ्या तळव्याकडे बघत राहिलो. मग त्याने मला तीच गोष्ट सावकाश करून दाखवली. माझा हात त्याच्या गालासमोरून जात असताना त्याने छातीच्या खाली, कोणाला दिसणार नाही असे, स्वतःचेच दोन तळवे एकमेकांवर वाजवले होते. "आवाज मी काढतो," तो म्हणाला. "मारणाऱ्याला काय, हात फिरवायचा असतो. कधी वाजवायचं, मान किती वळवायची, कुठे पडायचं, सगळं माझ्याकडे. माझं चुकलं तर त्याची थप्पड फुकट जाते."

थपडेचा आवाज थप्पड खाणारा काढतो. सर्कशीबद्दल मला कळलेली सर्वांत मोठी गोष्ट हीच. आज जी हकीकत सांगणार आहे, ती मला या एका वाक्याशिवाय समजली नसती.

त्या माणसाचं नाव राफाएल. क्यूबात हवाना शहरी, १८६५ ते १८६८ च्या दरम्यान केव्हातरी तो गुलाम म्हणून जन्मला. नक्की साल नाही, कारण गुलामाच्या पोराची जन्मनोंद नीट कोण ठेवणार? वयाच्या दहाव्या वर्षाच्या आसपास एका स्पॅनिश व्यापाऱ्याने त्याला विकत घेतलं आणि उत्तर स्पेनमध्ये बिलबाओजवळच्या सोपुएर्ता गावी आपल्या घरी कामाला नेलं. स्पेनच्या मुख्य भूमीवर तेव्हा गुलामगिरी कायद्याने संपलेली होती. पण कायदा दिवाणखान्यात आणि पोरगा तबेल्यात. त्याच्याबद्दलच्या आठवणींत एक गोष्ट येते: काळा रंग जातो का पाहू, म्हणून लोकांनी त्याला घोड्याच्या खराऱ्याने घासलं. आता खरारा म्हणजे काय, हे शेतकऱ्यांच्या पोरांना सांगायला नको.

पोरगा पंधराएक वर्षांचा झाला आणि पळाला. खाणीत राबला, बिलबाओच्या बंदरावर हमाली केली. अंगात ताकद होती आणि नाचाचं अंग उपजत होतं. तिथेच टोनी ग्राइस नावाच्या इंग्रज विदूषकाची नजर त्याच्यावर पडली. ग्राइसने त्याला घरगड्याच्या कामाला ठेवलं आणि खेळातही उभं केलं. दिवसा भांडी घासायची, रात्री रिंगणात मार खायचा. १८८६ मध्ये ग्राइसबरोबर तो पॅरिसला आला. क्यूबातली गुलामगिरी शेवटी कायद्याने संपली तीही त्याच वर्षी. पण तोवर तो तिथून फार लांब आला होता, आणि त्याची सुटका त्याने स्वतःच करून घेतली होती.

पॅरिसमध्ये त्याच वर्षी सेंत-ओनोरे रस्त्यावर ‘नूव्हो सिर्क’ म्हणजे नवी सर्कस उघडली होती. जोझेफ ओलेर नावाच्या धंदेवाईक कल्पक माणसाची ती निर्मिती. पुढे ‘मूलँ रूज’ काढणाऱ्यांतही तोच. तंबू नाही, पक्की इमारत. विजेचे दिवे. आणि गंमत म्हणजे रिंगणाची जमीन खाली उतरवून तिथे पाण्याचं तळं करता यायचं. लुगडी सावरत येणाऱ्या आपल्याकडच्या आया-बहिणी नव्हेत, मखमलीत येणाऱ्या मडमा आणि त्यांची गोरीगोमटी पोरं हा तिथला प्रेक्षक. या प्रेक्षकाने राफाएलला नवं नाव दिलं: शोकोला. म्हणजे चॉकलेट. १८८८ मध्ये तिथल्या आंरी आगुस्त नावाच्या दिग्दर्शकाने त्याला मध्यवर्ती भूमिका देऊन एक मूकनाट्य बसवलं, ‘शोकोलाचं लग्न’. शेवट अर्थातच सगळ्यांनी पाण्यात पडण्याने. ते तुफान चाललं. घरगड्याचं काम सुटलं. विशीतला हा मुलगा पॅरिसच्या भिंतींवरच्या जाहिरातीत झळकू लागला.

मग आला फुटिट. जॉर्ज फुटिट, जन्म मँचेस्टरचा, सर्कशीच्या घराण्यातला. घोड्यावरची कसरत, कोलांट्या, गाणं, नकला, सगळं येणारा. हे दोघे १८९५ च्या सुमारास एकत्र आले आणि पंधरा वर्षं पॅरिसला हसवत राहिले. जगभरच्या सर्कशीत विदूषकांची जी जोडी आपण पाहतो, त्या जोडीचा साचा घट्ट केला तो या दोघांनी. एक पांढरा विदूषक: चेहऱ्याला सफेदा, चमकदार पोशाख, डोक्यावर टोकदार टोपी, बोलण्यात हुकूम. दुसरा भोळसट, सगळं चुकवणारा, आणि म्हणून मार खाणारा. फुटिट पांढरा. दुसरा कोण, हे सांगायची गरज पॅरिसला नव्हती. लाल कोट, गुडघ्यापर्यंतची काळी तुमान आणि उंच टोपी घालून राफाएल रिंगणात यायचा, तेव्हा तो काही करण्याआधीच लोक हसायला सुरुवात करायचे. ते का हसत होते, त्यात त्याच्या कलेचा वाटा किती आणि त्याच्या कातडीचा किती, हा हिशेब त्या वेळी कोणी मांडला नाही.

त्यांचा एक गाजलेला खेळ विल्यम टेलचा. ती गोष्ट आपण वाचली आहे: मुलाच्या डोक्यावर सफरचंद आणि बापाने बाण मारायचा. इथे सफरचंद शोकोलाच्या डोक्यावर. पण हा पठ्ठ्या ते डोक्यावर ठेवायचं सोडून खातो. फुटिट नेम धरायला जातो, वळून बघतो तर सफरचंदाचा लचका तोडलेला. तो चिडतो, धाक घालतो, मारतो. पुन्हा तेच. कागदावर हा खेळ म्हणजे एका मूर्ख काळ्याला शहाण्या गोऱ्याने दिलेला मार. पण खेळाचा कणा कोण आहे, ते बघा. नेम धरणं कोणालाही येईल. बरोबर त्याच क्षणी, तेवढाच घास घेऊन, तोंड बंद ठेवून निरागस बघत राहणं, ही त्या खेळातली कारागिरी. फुटिटचा राग त्या घासावर उभा आहे.

आपल्याकडचा सोंगाड्या आठवा. तमाशातल्या वगात राजा असतो, प्रधान असतो, आणि त्यांच्या पुढ्यात सोंगाड्या. मार त्यालाही बसतो. पण कवलापूरच्या काळू-बाळूंना ज्यांनी पाहिलं असेल त्यांना ठाऊक आहे, की सोंगाड्याच्या तोंडात शब्द असतो. ‘गाढवाचं लग्न’मधला दादू इंदुरीकरांचा सावळ्या कुंभार कुठल्याही राजाला गुंडाळून ठेवील. राजा एक बोलतो, सोंगाड्या त्याच्या वाक्याची चिंधी करून त्याच्याच हातात देतो. प्रेक्षक त्या उलट्या माराला हसतो. शोकोलाला ती सोय नव्हती. रिंगणात शब्द फुटिटचे. शोकोलाने जे काही बोलायचं ते अंगाने. त्याचं उलट उत्तर म्हणजे तो सफरचंदाचा घास.

आणि अंग बोलायचं, हे आंधळ्यालाही दिसावं असं. तुलूझ-लोत्रेक हा चित्रकार रात्रीच्या पॅरिसची चित्रं काढायचा. १८९६ चं त्याचं एक चित्र आहे. सर्कशीचा खेळ संपलेला, एका आयरिश-अमेरिकन मद्यालयात शोकोला नाचतो आहे. डोक्यावर साधी टोपी, एक हात वर गेलेला, सारं शरीर एका वळणावर थांबलेलं. फुटिट चित्रात नाही. लाथ नाही, थप्पड नाही, खो-खो हसणारं कोणी नाही. रिंगणात ज्याला धडपडण्याचे पैसे मिळत होते, तो माणूस इथे इतका तोलात उभा आहे, की एखाद्या मंदिराच्या खांबावरची मूर्ती आठवावी. नीट पडता यायला आधी नीट उभं राहता यावं लागतं. लोत्रेकने ते पाहिलं. त्याच्याइतकं पाहणारे थोडे.

बाकीच्या पॅरिसने त्याचं बोधवाक्यच करून टाकलं: मार खाऊनही खूश. त्याचं चित्र जाहिरातींत आलं, खेळण्यांत आलं. ‘मी शोकोला झालो’ म्हणजे ‘मला टोपी घातली गेली, मी फसलो’, असा फ्रेंचमध्ये वाक्प्रचार आहे. तो याच्यामुळे तोंडोतोंडी झाला असं मानतात. माणसाचं नाव भाषेत शिरणं ही केवढी कीर्ती! फक्त ते नाव त्याचं नव्हतं, आणि अर्थ ‘बावळट’ असा होता.

इथे खरं तर मध्यंतराची घंटा व्हायला हवी. कारण आता उतरण सुरू होते.

या पतनाची लोकप्रिय कथा सोपी आहे. २०१६ मध्ये त्याच्यावर रोश्दी झेम यांचा फ्रेंच चित्रपट आला. ओमार सी शोकोला झाले, आणि फुटिट झाले जेम्स तिएरे, म्हणजे चार्ली चॅप्लिनचा नातू. चित्रपट देखणा आहे. त्यात पैसा उधळणं आहे, जुगार आहे, नशा आहे. कलावंत वर गेला, डोक्यात हवा गेली, खाली आला. ही कथा आपल्याला ऐकायला आवडते, कारण तिच्यात प्रेक्षकाचा काहीच दोष नसतो.

पण जेरार नुआरिएल नावाच्या फ्रेंच इतिहासकाराने दप्तरं उपसून जी हकीकत बाहेर काढली, ती वेगळी आहे. तिच्यात दोन गोष्टी मला फार महत्त्वाच्या वाटतात.

पहिली. १९०२ मध्ये अमेरिकेतून ‘केकवॉक’ नावाचा नाच पॅरिसमध्ये आला, आणि तोही याच नूव्हो सिर्कमध्ये. कृष्णवर्णीय अमेरिकन नर्तक ताठ मानेने, ऐटीत, पाय उंच फेकत नाचू लागले. सारं पॅरिस त्यामागे वेडं झालं. त्यांच्या शेजारी मार खाणारा शोकोला एकदम जुना दिसायला लागला. ज्याला स्वतःला नाचता येत होतं, त्याला पंधरा वर्षं पाडून ठेवलं होतं. आणि नाचणारे आले तेव्हा म्हणाले, हा तर पडणारा.

दुसरी गोष्ट याहून अवघड आहे. तोच काळ द्रेफ्यूस प्रकरणाचा. एका ज्यू अधिकाऱ्याला खोट्या आरोपात गुंतवल्यावरून फ्रान्स दुभंगला होता, आणि १९०६ मध्ये द्रेफ्यूस निर्दोष ठरेपर्यंत वंशद्वेष हा शब्द सुशिक्षितांच्या बोलण्यात रोज येत होता. अशा वेळी काही भल्या लोकांना गोऱ्याने काळ्याला मारण्याचा खेळ खटकू लागला. लाज वाटू लागली. लाज वाटली हे चांगलंच झालं. पण या लाजेने केलं काय? लाथ बंद झाली, आणि लाथेबरोबर लाथ खाणाराही बाहेर गेला. ‘हा खेळ नको’ असं सगळे म्हणाले. ‘मग या कलावंताला दुसरा कोणता खेळ देऊ या’ असं जवळजवळ कोणी म्हणालं नाही. आपल्याकडेही एखाद्या प्रथेची लाज वाटली की आपण प्रथेकडे पाठ फिरवतो आणि तिच्यात अडकलेल्या माणसाकडेही. नंतर तो माणूस काय खातो, हे बघायला कोणी मागे जात नाही.

१९०५ मध्ये नूव्हो सिर्कने जोडीचा करार संपवला. मग फोली-बेर्झेर, मग इकडे तिकडे. १९१० मध्ये जोडी फुटली. फुटिटला नाटकात बोलावणं आलं. शोकोलानेही ठरवलं, की आपणही नाटकात काम करायचं. आता वय चाळिशीच्या पुढे. धड वाचता येत नव्हतं, फ्रेंच ही त्याची तिसऱ्या मुलखातली भाषा. आणि हा माणूस बोलायची भूमिका मागत होता. उभी हयात अंगाने बोलल्यावर त्याला तोंडाने बोलायचं होतं. सोंगाड्याला जे पहिल्या दिवसापासून मिळतं, ते.

मित्रहो, इथे मला थांबलं पाहिजे. हे टिपण वाचताना घरी माझ्या एक गोष्ट लक्षात आली. विष्णुपंतांना मी ‘त्यांनी’ म्हणालो. धोत्र्यांना ‘त्यांनी’. चित्रपटातल्या नटांनाही बहुवचन लावलं. आणि राफाएलला मघापासून मी ‘तो’ म्हणतो आहे. त्या तंबूमागच्या म्हाताऱ्याला, जो माझ्या वडिलांच्या वयाचा होता, त्यालाही मी ‘तो’ म्हणालो. कोणी सांगितलं नव्हतं. जीभच तशी वळली. जोकर आला, जोकर पडला, जोकर गेला. जोकर आले असं मराठीत कोणी म्हणतं का? तुम्हालाही अर्धा तास ते खटकलं नसेल. फ्रेंचांनाही आपल्यासारखाच ‘तू’ आणि ‘तुम्ही’ हा भेद आहे. राफाएल नाटकात जे मागायला गेले, ते मला वाटतं एवढंच होतं. यापुढे मी त्यांना ‘ते’ म्हणणार आहे. जीभ अडखळली तर सांभाळून घ्या.

तर ते नाट्यगृहात गेले. आंत्वान थिएटर हे तेव्हाचं नावाजलेलं नाट्यगृह, फिर्मँ जेमिए हे तिथले संचालक. एदमों गिरो यांच्या ‘मोईझ’ नावाच्या नाटकात राफाएल यांना भूमिका मिळाली. चित्रपटात त्यांना ऑथेल्लो केलेलं दाखवलं आहे. पडायचं तर शेक्सपिअरवरून पडावं, असं चित्रपटवाल्यांना वाटलं असावं. प्रत्यक्षात ते त्या काळातलं एक साधं नाटक होतं. ते पडलं. लोक शोकोला बघायला आले होते. तो कोणाची थप्पड न खाता उभा राहून बोलू लागल्यावर, आपण नेमकं कशाचं तिकीट काढलं, हेच त्यांना समजेना.

इथे फुटिटला खलनायक करणं सोपं आहे. मी करणार नाही. राफाएलपासून सुटल्यावर फुटिटना ती उंची पुन्हा गाठता आली नाही. पुढे फुटिट यांनी मद्यालय काढलं, आणि १९२१ मध्ये ते गेले. हात फिरवणारे तेच होते, पण आवाज काढणारा समोर नव्हता. म्हाताऱ्या जोकराने सांगितलं होतं तेच: ‘त्याची थप्पड फुकट जाते.’ जोडीतला कोण कोणावर उभा होता, याचा निकाल जोडी फुटल्यावरच लागला, आणि तोवर दोघांनाही त्याचा उपयोग नव्हता.

राफाएल यांच्या घराबद्दल थोडं सांगितलं पाहिजे. मारी एके नावाची बाई नवऱ्याला सोडून त्यांच्याबरोबर राहायला आली, आपली दोन मुलं घेऊन. काळ्या विदूषकाबरोबर राहणारी गोरी बाई. त्या काळात तिने काय काय ऐकून घेतलं असेल ते आपण समजू शकतो. कायद्याचं लग्न झालं नाही. पण मुलगा एझेन आणि मुलगी स्युझान यांना राफाएल यांनी आपली मानली. जोडी फुटल्यावर १९१२ च्या सुमारास हाच मुलगा त्यांच्यासमोर पांढरा विदूषक म्हणून उभा राहिला. जोडीचं नाव ‘ताब्लेत आणि शोकोला’. ताब्लेत म्हणजे चॉकलेटची वडी. आता बापाला थप्पड मारायची होती ती मुलाने. मला हे आधी केविलवाणं वाटलं होतं. पुन्हा विचार केला तेव्हा वाटलं, ही तालीम होती. थप्पड कशी खायची हे उत्तम जाणणारा माणूस मुलाला हात कसा फिरवायचा ते शिकवत होता. घराण्याची विद्या अशीच देतात.

याच काळात, आणि त्याआधीपासूनच, ते पॅरिसच्या रुग्णालयांत आजारी मुलांना हसवायला जात. आज मोठ्या शहरांतल्या रुग्णालयांत विदूषक नेमतात, त्याचा गौरव होतो. हे काम शंभर वर्षांपूर्वी करणाऱ्या पहिल्या काहींत ते होते. खाटेवरच्या पोराला तुमचा रंग बघून हसू येतं की तुमची गंमत बघून, हे तिथे लगेच कळत असणार. ताप असलेलं मूल रीत म्हणून हसत नाही.

पण १९१३ मध्ये स्युझान क्षयाने गेली. एकोणीस वर्षांची होती. तिथून राफाएल सावरले नाहीत. दारू होती, ती नव्हती असं मी म्हणणार नाही. मात्र क्रम लक्षात घ्या. काम आधी गेलं, मग मुलगी, आणि दारू या सगळ्याच्या मागून. आपण गोष्ट सांगताना दारूला पुढे आणतो.

१९१४ ला महायुद्ध आलं. राफाएल राँसी सर्कशीबरोबर गावोगाव फिरत राहिले. ४ नोव्हेंबर १९१७ रोजी बोर्दो शहरी, सर्कशीच्या मुक्कामात, ते गेले. वय पन्नासच्या आसपास. प्रोटेस्टंट दफनभूमीत, गरिबांसाठी राखलेल्या जागेत त्यांना पुरलं. मृत्यूच्या दाखल्यावर त्यांना आडनाव मिळालं: पादिया. हे नाव आयुष्यभर त्यांच्या कोणत्या जाहिरातीवर नव्हतं. हवानात जन्मलेल्या मुलाला आडनावच नव्हतं. मारी एके १९२५ मध्ये गेली, ती ‘पादियांची विधवा’ म्हणून. लग्नाने जे दिलं नाही ते मरणाने दिलं. जिथे नूव्हो सिर्क होती, त्या रस्त्यावरच्या भिंतीवर २०१६ मध्ये एक फलक लागला. राफाएल यांना जाऊन नव्याण्णव वर्षं झाली होती.

एक गोष्ट मात्र उरली आहे आणि ती आज कोणालाही बघता येते. त्यांची जोडी ऐन भरात असताना ल्युमिएर बंधूंनी तिच्या काही छोट्या फिती उतरवल्या. प्रत्येक फीत मिनिटभराचीही नाही. खुर्चीवरची धडपड, मुष्टियुद्ध, विल्यम टेल. एका फितीचं नाव तर ‘शोकोलाचा मृत्यू’. फिती अर्थातच मूक आहेत.

मी त्या पहिल्यांदा पाहिल्या तेव्हा माझी नजर फुटिटवर होती. जो हालतो, हुकूम सोडतो, त्याच्याकडे डोळा जातोच. दुसऱ्यांदा ठरवून फक्त राफाएल यांच्याकडे पाहिलं. आवाज नसल्यामुळे ते सोपं गेलं. थपडेचा आवाज आपल्याला मारणाऱ्याकडे खेचतो. तो काढून घेतला की खाणारा दिसायला लागतो. पडण्याच्या अगोदर त्यांच्या अंगात एक क्षण येतो. कुठे पडायचं ते ठरलेलं असतं, आणि अजून पडलेलं नसतं. लोत्रेकच्या चित्रातला वर गेलेला हात त्याच क्षणातला आहे. मग ते पडतात, आणि सव्वाशे वर्षांनंतर इथे, आपल्या जिल्ह्यात, माझ्या नातवाला हसू येतं. त्याला शोकोला कोण ते ठाऊक नाही. तो नुसता पडण्याला हसला. राफाएल यांना याहून चांगली पावती मी देऊ शकत नाही.

सरांच्या प्रश्नाकडे परत येतो आणि थांबतो. घोड्यांना दाणा कोण घालत होतं, थपडेचा आवाज कोण काढत होतं. एकाचं उत्तर शोधायला एका इतिहासकाराला फ्रान्स, स्पेन आणि क्यूबाची दप्तरं चाळावी लागली. आपल्याकडे सर्कशीला एकशे चाळीसच्या वर वर्षं झाली. वाघ गेले, तंबू कमी झाले. जोकर अजून आहेत, पण त्यांच्या नावांचं दप्तर नाही.

आणि दुसऱ्या कोणाला दोष देण्याआधी माझं सांगतो. हे व्याख्यान तयार करताना मी तीस वर्षांपूर्वीची ती वही शोधून काढली. तंबूमागचे ते गृहस्थ, पालथी बादली, अर्धा पुसलेला रंग, सगळं टिपलेलं आहे. थपडेची युक्ती तर आकृती काढून लिहिली आहे: हात इथून, मान इकडे, तळवे इथे. त्यांनी मला नाव सांगितलं होतं. गाव सांगितलं होतं. मी हो-हो म्हणालो होतो, तेही आठवतं.

वहीत लिहिलं आहे: ‘जोकर, वय सुमारे ७०.’